ऑस्ट्रेलियन वाइन चाखायची कशी? दोन ग्लास शेजारी ठेवून

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: कंपनीच्या कामासाठी दोन महिने ॲडलेडला आला आहात. सहकारी दर शुक्रवारी कुठली ना कुठली शिराझ, म्हणजे इथली लाल वाइन, पुढे करतात. बाटलीच्या मागे ब्लॅकबेरी, लिकरिश, सीडर असं काय काय लिहिलेलं असतं आणि तुम्हाला मात्र दर वेळी ‘तुरट आणि कडक’ एवढंच कळतं, सगळ्या सारख्याच वाटतात. चव घ्यायला शिकायचं कसं, आणि ऑस्ट्रेलियात चाखायचं काय?

‘तुरट आणि कडक’ हे चुकीचं उत्तर नाही, उलट बरंच बरोबर आहे. माझ्या वर्गात येणाऱ्या इथल्या नवख्या मंडळींना तुरटपणा वेगळा काढून दाखवायला मला अर्धा तास लागतो. ते त्याला आंबट म्हणतात, कडू म्हणतात. आपण आवळा, सुपारी, कच्चं जांभूळ खात वाढलेलो असतो, त्यामुळे तुरट हा रस आपल्याला शाळेत जायच्या आधीच पाठ असतो. तेव्हा निम्मं काम झालेलं आहे असं समजा.

माझ्याबद्दल दोन वाक्यं. मी दिंडोरीकडचा, घरी थॉम्पसन द्राक्षांची बाग. वाइन शिकायला ॲडलेडला आलो तो इथलाच झालो, त्याला अठरा वर्षं झाली. आधी बरोसात आणि क्लेअरमध्ये, ॲडलेडजवळच्या या वाइनच्या खोऱ्यांत, हंगामाला राबलो, आता चव घ्यायला शिकवतो. आणि एक कबुली देतो, म्हणजे पुढचं सगळं तुम्ही मोकळ्या मनाने ऐकाल: मला मिरीचा वास येत नाही.

म्हणजे वाइनमधल्या मिरीचा. थंड भागातल्या शिराझमध्ये काळ्या मिरीचा वास असतो असं सगळेच म्हणतात. शिकत असताना वर्गातले बाकीचे ‘पेपर, पेपर’ म्हणत माना डोलवायचे, मीही वहीत मुकाट्याने ‘मिरी’ लिहायचो. घरची फोडणी नाकात भिनलेल्या माणसाला मिरी येत नाही हे कबूल कसं करणार! पुढे कळलं की या वासामागे रोटंडोन नावाचा पदार्थ आहे, तोच काळ्या मिरीतही असतो. शिराझमधला हा पदार्थ ॲडलेडच्याच ऑस्ट्रेलियन वाइन रिसर्च इन्स्टिट्यूटच्या संशोधकांनी शोधून २००८ साली जाहीर केला. त्याच कामात असंही दिसलं की साधारण पाचातल्या एका माणसाला तो मुळात जाणवतच नाही, कितीही दिला तरी. मी त्या पाचातला एक. त्या दिवसापासून मी वहीत खोटं लिहिणं बंद केलं. तुम्हीही ‘सीडर’च्या मागे लागू नका. सीडरची फळी तुम्ही आयुष्यात हुंगली नसेल तर ती ग्लासात कुठून सापडणार?

वासांची नावं पुढे आपोआप येतात. सुरुवात तोंडात काय होतं तिथून करायची. एक छोटा घोट घ्या, पाच-सहा सेकंद तोंडभर फिरवा, थुंका किंवा गिळा, आणि मग लक्ष द्या. गालांच्या आतून पाणी सुटलं तर तो आंबटपणा. जितकं जास्त आणि जितका वेळ सुटेल तितकी आंबट. ओठ आणि हिरड्यांच्या मध्ये सुपारी चघळल्यासारखं कोरडं पडलं तर तो तुरटपणा, म्हणजे टॅनिन, सालीतून आणि बियांतून आलेलं. घशाखाली ऊब उतरली तर ती दारूची धग. १४.५ टक्क्यांची शिराझ आणि ११ टक्क्यांची सेमिलॉन ही पांढरी वाइन यांतला फरक डोळे मिटूनही कळतो. गोडीची परीक्षा नाक दाबून घ्या. पिकलेल्या फळाचा वास आला की मेंदू ‘गोड’ म्हणतो, जिभेवर साखर नसली तरी. शेवटी, चव किती वेळ रेंगाळते ते बघा. बस, एवढंच. ग्लास एक तृतीयांशच भरा, नाहीतर वास साठायला जागा राहत नाही.

आणि एकट्या वाइनची चव घेऊ नका. दोन ग्लास शेजारी ठेवा, द्राक्ष एकच, गाव वेगळं. आंब्यांचं नाही का, एकटा पायरी खाऊन त्याच्याबद्दल फार बोलता येत नाही, शेजारी हापूस ठेवला की तोंड सुटतं.

पहिली जोडी शिराझची नाही, रीसलिंगची घ्या. हे पांढरं द्राक्ष मूळचं जर्मनीचं. बरोसात १८४०च्या दशकात सायलेशियातून आलेले ल्युथरन पंथाचे जर्मन भाषक वसले, त्यांची गावं, चर्च आणि सॉसेजची दुकानं अजून तशीच आहेत. पण उत्तम रीसलिंग बरोसाच्या उष्ण तळात नाही, शेजारच्या उंचावरच्या ईडन व्हॅलीत होते, आणि ॲडलेडच्या उत्तरेला सव्वाशे-दीडशे किलोमीटरवरच्या क्लेअर व्हॅलीत. दोन्ही एकदम कोरड्या, म्हणजे बिनगोडीच्या, ओक लाकडाच्या पिंपाचा स्पर्श नाही. क्लेअरची म्हणजे हिरव्या लिंबाची साल नखाने खरवडल्यासारखी, ताठ. ईडनची जरा फुलांकडे झुकणारी. शेजारी ठेवल्याशिवाय हा फरक कळत नाही, ठेवल्यावर मात्र विसरत नाही.

गंमत जुन्या बाटलीत आहे. सात-आठ वर्षांची क्लेअर रीसलिंग उघडा आणि नाक घाला. रॉकेल! इथले लोक ‘केरोसीन’, ‘पेट्रोल’ म्हणतात, पण ज्यांनी वातीचा स्टोव्ह पेटवलेला पाहिला आहे त्यांना हा वास थेट आजीच्या स्वयंपाकघरात नेतो. टीडीएन नावाचा एक रेणू त्याला कारणीभूत. मण्यावर ऊन जितकं जास्त, तितकी त्याची शक्यता जास्त. थोडं असलं तर मला फार आवडतं. भाजलेल्या लिंबाबरोबर मजा येते. तरुण बाटलीतच भपकन आलं तर बाग उन्हाने भाजलेली होती असं समजायचं.

क्लेअरचं आणखी एक ऋण आहे. २००० सालच्या हंगामात तिथल्या उत्पादकांच्या एका गटाने ठरवलं की आमची रीसलिंग आता बुचात नाही, फिरकीच्या झाकणात. बुचामुळे काही बाटल्यांना ओल्या गोणपाटाचा वास लागायचा आणि नाजूक रीसलिंगमध्ये तो लपत नाही. आज ऑस्ट्रेलियात चांगल्या-चांगल्या वाइनना फिरकीचं झाकण असतं. ‘झाकणाची म्हणजे स्वस्तातली’ हा आपल्याकडचा समज इथे सोडून द्या.

पांढऱ्यातली दुसरी, आणि माझ्या मते या देशाची सगळ्यात स्वतःची वाइन, म्हणजे हंटर व्हॅलीची सेमिलॉन. हंटर सिडनीच्या उत्तरेला. शहाण्या माणसाने तिथे द्राक्ष लावू नये अशी जागा: उष्ण, दमट, आणि नेमका तोडणीच्या सुमारास पाऊस. नाशिककर शेतकऱ्याला ही धास्ती वेगळी सांगायला नको. म्हणून तिथे द्राक्षं लवकर, साखर कमी असतानाच तोडतात. वाइन होते साधारण १० ते ११ टक्क्यांची, पिंपात न घातलेली, आणि तरुणपणी अगदी लिंबूपाणी, तेही साखर घालायला विसरलेलं. पहिल्यांदा चाखली तेव्हा मला वाटलं, हे लोक याचं एवढं कौतुक का करतात? मग एका जुन्या मालकाने बारा वर्षांची बाटली उघडली. सोनेरी रंग, लोण्यावर भाजलेल्या पावाचा वास, मध, आणि खाली अजून लिंबू तसंच शाबूत. पाव भाजल्याचा वास ओकमधून येतो असं मी तोवर धरून चाललो होतो. इथे ओकच नव्हता, सगळं बाटलीत घडलं होतं. इंग्रजीत याला ‘एजिंग’ म्हणतात, वय होणं. आपला शब्द जास्त नेमका आहे: ती मुरते. लिंबाचं लोणचं कसं आधी दातांना कळा आणतं आणि वर्षाने गोडसर, गडद होतं, तसं. टिरेल्स या हंटरमधल्या कंपनीची ‘व्हॅट १’ सेमिलॉन जुनी मिळाली तर सोडू नका. एकेकाळी हंटरच्या सेमिलॉनलाच ‘हंटर रिव्हर रीसलिंग’ म्हणून विकायचे, त्यामुळे जुन्या लेबलांवर विश्वास ठेवू नका.

शार्डोने या तिसऱ्या पांढऱ्या द्राक्षाबद्दल थोडक्यात. १९८० आणि ९०च्या दशकांत इथली शार्डोने म्हणजे लोणी, व्हॅनिला आणि लाकूड. लोक इतके विटले की ‘शार्डोने सोडून काहीही’ ही घोषणाच झाली. मग लंबक दुसऱ्या टोकाला गेला आणि काही वर्षं सगळं सडपातळ, काडेपेटीची काडी ओढल्यासारख्या वासाचं मिळू लागलं. आता जरा मधे स्थिरावलंय. पश्चिम ऑस्ट्रेलियातल्या मार्गारेट रिव्हरची एक आणि मेलबर्नजवळच्या यारा व्हॅलीची एक शेजारी ठेवा. पहिली भरलेली, दुसरी सडसडीत. सॉव्हिन्यॉन ब्लां ही आणखी एक पांढरी प्यायची असेल तर न्यूझीलंडची प्या, इथे तिच्यावर वेळ घालवू नका. हे लिहिल्याबद्दल ॲडलेड हिल्समध्ये ती करणारे दोन मित्र माझ्याशी बोलणार नाहीत.

आता शिराझ. फ्रान्समध्ये जिला सिरा म्हणतात तीच. तुमच्या सहकाऱ्यांच्या बाटल्या बहुतेक बरोसाच्या असणार. बरोसाचं मोठेपण वेलींच्या वयात आहे. एकोणिसाव्या शतकात फायलॉक्सेरा या मुळं खाणाऱ्या किडीने युरोपातल्या बागा उजाड केल्या. ती १८७७ साली शेजारच्या व्हिक्टोरिया राज्यात जिलाँगलाही पोचली, पण कडक बंदोबस्तामुळे साउथ ऑस्ट्रेलियात शिरली नाही. आमच्या नाशिककडे डॉगरिज या रानद्राक्षाच्या खुंटावर कलम करतात. बरोसातले म्हातारे वेल मात्र स्वतःच्या मुळांवर उभे आहेत, मनगटं पिळल्यासारखे, काही १८४०च्या दशकात लावलेले. तिथे वेलींच्या वयाची सनदच आहे: ३५ वर्षांना ‘ओल्ड’, ७० ला ‘सर्व्हायव्हर’, १०० ला ‘सेंटेनेरियन’, १२५ ला ‘ॲन्सेस्टर’. म्हणून बागेच्या कडेला ‘आत पाय ठेवू नका’ अशी पाटी दिसली तर ती उद्धटपणाची समजू नका. बुटाच्या मातीतून कीड जाते. फोटो रस्त्यावरूनच काढा.

बरोसा शिराझचा ग्लास हुंगताना सुकं खोबरं आणि व्हॅनिला आलं तर ते द्राक्षाचं नाही, अमेरिकन ओकच्या पिंपाचं. ही सवय रुजवण्यात मॅक्स शुबर्टचा मोठा हात. पेनफोल्ड्स कंपनीचा हा वाइनमेकर १९५० साली युरोप पाहून आला, आणि फ्रान्समधल्या बोर्डोसारखी अनेक दशकं मुरणारी वाइन इथे करायची म्हणून १९५१ साली शिराझ नव्या अमेरिकन पिंपांत घालून ‘ग्रेंज’ केली. चाखणाऱ्यांनी नाकं मुरडली, आणि १९५७ साली कंपनीने उत्पादन बंद करायला सांगितलं. शुबर्टने तीन हंगाम ती लपूनछपून केली. तोवर आधीच्या बाटल्या मुरल्या होत्या. त्या उघडल्यावर वरिष्ठांचं मत फिरलं आणि १९६०पासून ग्रेंज पुन्हा उघडपणे सुरू झाली. आज एका बाटलीची किंमत ऐकून घाम फुटतो. ती विकत घेऊन चाखायचा सल्ला मी कुणालाही देत नाही.

तुमचं ‘सगळ्या सारख्याच’ मोडायला एका बाजूला बरोसा ठेवा, दुसऱ्या बाजूला व्हिक्टोरियातल्या ग्रॅम्पियन्सची किंवा कॅनबेराजवळची शिराझ. बरोसाची जाड, जांभळाच्या मुरंब्यासारखी, धग जास्त. थंड भागातली अंगाने हलकी, करवंदासारखी आंबटगोड, आणि, लोक म्हणतात, मिरीची. तुम्हाला मिरी आली तर मला कळवा, मी मत्सर करीन. कॅनबेराची क्लोनाकिला शिराझ थोड्या व्हिओनिए या पांढऱ्या द्राक्षाबरोबर आंबवतात. त्यातला सुवास वेगळाच उचलून येतो.

कॅबरने सॉव्हिन्यॉन या दुसऱ्या लाल द्राक्षाची जोडी तशीच सोपी. कुनावारा साउथ ऑस्ट्रेलियाच्या आग्नेय टोकाला, व्हिक्टोरियाच्या सीमेजवळ. लाल मातीचा पातळ थर, खाली चुनखडक, असा पंधराएक किलोमीटर लांबीचा आणि जेमतेम एक-दोन किलोमीटर रुंदीचा पट्टा. बाहेरून बघाल तर काहीच नाही, सपाट रान. पण त्या पट्ट्याच्या आत जमीन असावी म्हणून लोक वर्षानुवर्षं कोर्टात भांडले. तिथल्या कॅबरनेत पुदिना आणि निलगिरी येते. हो, सर्दीला हुंगतो ती निलगिरी. झाड मूळचं इथलंच, आपल्याकडे ते इथून आलं. बागेला लागून निलगिरी असली की तिचं तेल मण्यांवर बसतं, तोडणीत पानंही येतात. म्हणून झाडांजवळच्या ओळींच्या वाइनमध्ये हा वास जास्त असतो, हेही संशोधनात दिसलं आहे. कुणाला हा दोष वाटतो, कुणाला मातीची ओळख. मला थोडा चालतो, बाम लावल्यासारखा झाला की नाही. शेजारी मार्गारेट रिव्हरची ठेवा. पर्थच्या दक्षिणेच्या या समुद्राकाठच्या भागात १९६०च्या दशकापर्यंत वाइनच्या बागा जवळजवळ नव्हत्या. जॉन ग्लॅडस्टोन्स या शेतीशास्त्रज्ञाने हवामानाचा अभ्यास करून हा भाग सुचवला आणि १९६७ साली टॉम कलिटी या डॉक्टरने व्हास फेलिक्सची बाग लावली. तिथला तुरटपणा बारीक, मखमली. ‘तुरट’चेही प्रकार असतात हे कळायला ही जोडी उत्तम.

पण मला विचाराल तर आपल्या जेवणासाठी घ्यायची लाल वाइन म्हणजे ग्रनाश, मॅकलॅरन व्हेलची. ॲडलेडच्या दक्षिणेला पाऊण तासावर. जुन्या काळी हे द्राक्ष गोड, कडक पोर्टसारख्या वाइनसाठी वापरायचे. १९८०च्या दशकात सरकारने पैसे देऊन जुने वेल उपटायला लावले, त्यात कितीतरी म्हाताऱ्या ग्रनाशी गेल्या. वाचल्या त्यांचं आज सोनं झालंय. रंग फिका, तुरटपणा कमी, लाल फळं, जराशी धग. ही वाइन फ्रीजमध्ये अर्धा तास ठेवून प्या. लाल वाइन ‘खोलीच्या तापमानाला’ हा नियम युरोपातल्या गारठलेल्या खोल्यांचा आहे, पुण्यातल्या एप्रिलचा नव्हे. ३२ अंशांची शिराझ कुणालाही कडकच लागेल. तुमच्या तक्रारीचा निम्मा भाग बहुधा इथेच आहे.

उरलेला भाग तिखटात. मिरचीचा जाळ दारूने वाढतो, आणि तिखटाने सोललेल्या जिभेला तुरटपणा दुप्पट बोचतो. झणझणीत तांबड्या रश्शाबरोबर १५ टक्क्यांची शिराझ म्हणजे आगीत तेल. तिथे बिअर प्या, कमीपणा काही नाही. तळलेल्या सुरमईबरोबर ईडन व्हॅलीची रीसलिंग बघा, लिंबू पिळायची गरज राहत नाही. कोंबडी-वड्यांबरोबर गार केलेली ग्रनाश.

पिनो न्वार ही नाजूक लाल वाइन व्हिक्टोरियातल्या मॉर्निंग्टन पेनिन्सुलाची आणि टास्मानियाची चांगली, पण ती शेवटच्या आठवड्यात. ती हळू आवाजात बोलते, आधी कान तयार व्हावे लागतात. टास्मानियाची फसफसणारी वाइन मात्र कधीही.

लेबल वाचताना एवढं बघा: द्राक्ष, प्रदेश किंवा साल लिहिलं असेल तर किमान ८५ टक्के वाइन त्याची असते. दोन द्राक्षं असतील तर आधी लिहिलेलं जास्त. आणि ‘साउथ ईस्टर्न ऑस्ट्रेलिया’ हा प्रदेश म्हणून वाचू नका, त्यात तीन अख्खी राज्यं आणि आणखी दोनांचे तुकडे येतात. अशी बाटली वाईट नसते, फक्त गाव शिकायला निरुपयोगी.

बरोसाला रविवारी जाणार असाल तर दोन, फार तर तीन सेलर डोअर, म्हणजे वाइनरीतल्या चाखायच्या जागा. चाखायचे पैसे बऱ्याच ठिकाणी घेतात, बाटली घेतल्यास अनेकदा वळते करतात. गाडी चालवणाऱ्याने थुंकायचंच, रक्तात दारूची ०.०५ टक्क्यांची मर्यादा आहे आणि पोलीस रस्त्यात थांबवतात. ‘येथे थुंकू नये’ वाचत मोठे झालेल्या आपल्याला चारचौघांत बादलीत थुंकणं जमायला वेळ लागतो. घरी बेसिनमध्ये पाण्याने सराव करा. मी केला होता.

परत जाताना काय न्यावं? २९ डिसेंबर २०२२ पासून लागू झालेल्या भारत-ऑस्ट्रेलिया करारामुळे ५ अमेरिकन डॉलरच्या वर आयात किंमत असलेल्या बाटलीवरचा कर १५० वरून १०० टक्क्यांवर, आणि १५ डॉलरच्या वरच्या बाटलीवरचा ७५ टक्क्यांवर आला. दहा वर्षांत तो अनुक्रमे ५० आणि २५ टक्क्यांपर्यंत उतरायचा आहे. पण त्यावर राज्याचे कर चढतातच, आणि दुकानात पोचतात त्या मुख्यतः मोठ्या नावांच्या बाटल्या. तेव्हा बॅगेतूनच न्या. करमुक्त मर्यादा माणशी दोन लिटर. ७५० मिलीच्या दोन बाटल्या झाल्या की अर्धा लिटर उरतो. त्यात ३७५ मिलीची अर्धी बाटली बसते, आणि ती जागा रदरग्लेनच्या मस्कॅटची. व्हिक्टोरियाच्या ईशान्येची ही गोड वाइन द्राक्षं वेलीवरच मनुक्यांसारखी सुकवून, दारू घालून, वर्षानुवर्षं जुन्या पिंपांत ठेवून करतात. ‘रदरग्लेन’, ‘क्लासिक’, ‘ग्रँड’, ‘रेअर’ अशा तिच्या चढत्या पायऱ्या. काकवी, खजूर, भाजलेली कॉफी. ‘क्लासिक’ पुरे. दोन मोठ्या बाटल्यांत एक क्लेअरची रीसलिंग, दुसरी मॅकलॅरन व्हेलची ग्रनाश. तिन्ही कपड्यांत गुंडाळून चेक-इनच्या बॅगेत, मधोमध.